नागाचा डूख आणि गंधाची भाषा

उत्तर कन्नड जिल्ह्यातील जोयडा तालुका, म्हणजे जुन्या माणसांच्या बोलण्यातला सुपे तालुका, हा सह्याद्रीच्या माथ्यावरचा अरण्यप्रदेश आहे. काळी नदी ह्याच तालुक्यात डिग्गीजवळ उगम पावते. गाव म्हणावे तर चार घरे ह्या डोंगराच्या कुशीत, दोन घरे पलीकडच्या शेताकाठी, आणि मध्ये सारे रान. कोकणी, मराठी आणि कानडी ह्या तिन्ही भाषा ह्या रानवाटांवर ऐकू येतात.

थंडी सरून उन्हाळा लागण्याच्या सुमारास अशा एखाद्या एकाकी घराच्या ओसरीवर तिन्हीसांजेला नाग निघतो. आरडाओरड होते, कोणी काठी आणतो, आणि नाग मारला जातो. येथवरची गोष्ट घटकाभरात आटोपते. खरी गोष्ट त्यानंतर सुरू होते. घरातील म्हातारी कपाळाला हात लावून म्हणते, “एकाला मारलंत, आता दुसरा यायचा. तो डूख धरल्यावाचून राहायचा नाही.” त्या रात्री घरात कोणाचा डोळा लागत नाही. मुलांना परसात जाऊ देत नाहीत. कित्येक ठिकाणी मेलेल्या नागाला माणसाप्रमाणे अग्नी देतात, क्षमा मागतात. आणि दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी खरोखरच त्याच ओसरीपाशी दुसरा नाग दिसला, म्हणजे म्हातारीचा शब्द खरा ठरतो. मग भयाने त्यालाही मारतात, आणि भय आणखी वाढते.

‘डूख’ हा मराठीतला मोठा बोलका शब्द आहे. मनात वैर धरून बसणाऱ्या, संधी साधून सूड उगवणाऱ्या माणसालाही लोक ‘त्याने डूख धरला आहे’ असेच म्हणतात. नागाच्या डोळ्यांत मारणाऱ्याची छबी उमटते आणि त्याचा जोडीदार ती पाहून वैऱ्याला ओळखतो, असेही सांगतात. १९७६ सालच्या ‘नागिन’ ह्या हिंदी चित्रपटाने तर ही समजूत घराघरांत नेऊन पोहोचविली.

अशा समजुतीला नुसते हसून चालत नाही. कारण दुसरा नाग कधी कधी येतो, हे म्हातारीने डोळ्यांनी पाहिलेले असते. तिचे पाहणे खोटे नव्हे. चूक झाली आहे ती त्याचा अर्थ लावण्यात. तो नाग का येतो, हे समजून घ्यावयाचे तर सापाच्या जिभेपासून आरंभ करावा लागेल.

साप घटकाघटकेला दुभंगलेली जीभ बाहेर काढतो, ती हवेत लवलवती फिरवितो आणि पुन्हा आत घेतो. जिभेनेच तो डसतो, अशी पुष्कळांची कल्पना असते. वस्तुतः त्या जिभेत विषही नाही आणि काटाही नाही. हवेत तरंगणारे व जमिनीवर पडलेले निरनिराळ्या द्रव्यांचे सूक्ष्म कण गोळा करणे, हे तिचे काम. जीभ आत गेली की ते कण टाळूतील दोन लहानशा छिद्रांवाटे एका विशेष इंद्रियाकडे पोहोचतात. लुडविग जेकबसन नावाच्या डॅनिश वैद्याने १८१३ साली सस्तन प्राण्यांतील ह्या इंद्रियाचे वर्णन केले, म्हणून त्याला जेकबसनचे इंद्रिय म्हणतात. नाकाने वास घेणे निराळे आणि ह्या इंद्रियाने गंध ‘चाखणे’ निराळे. सापाजवळ दोन्ही सोयी आहेत, परंतु माग काढताना त्याचा खरा भरवसा ह्या दुसऱ्या इंद्रियावर असतो. प्रयोगशाळेत ह्या इंद्रियाचा मज्जातंतू तोडला, तेव्हा नाक शाबूत असूनही सापांना भक्ष्याचा माग काढता येईना. उलट नाकाचा तंतू तोडला, तरी माग चुकला नाही.

जीभ दुभंगलेली का, ह्याचाही उलगडा आता झाला आहे. दोन टोकांनी एकाच वेळी दोन जागांचा गंध टिपता येतो. डाव्या टोकाला गंध अधिक लागला तर साप डावीकडे वळतो, उजव्याला अधिक लागला तर उजवीकडे. दाट अंधारातही वाट सुटत नाही. घोरपडीची जीभ अशीच दुभंगलेली असते, आणि तीही हाच उद्योग करीत हिंडते.

हे इंद्रिय केवळ सापाचेच नव्हे. म्हशीने मूत्र टाकले की रेडा ते हुंगतो, मान उंच करतो, वरचा ओठ मुरडतो आणि क्षणभर तसाच उभा राहतो, हे गुरे राखणाऱ्या पोरांनी शेकडो वेळा पाहिलेले असते. पोरे त्याला हसतात. परंतु रेडा हसत नसतो की वेडावत नसतो. मुत्रातील गंधद्रव्य तो आपल्या जेकबसनच्या इंद्रियापर्यंत खेचून घेत असतो. म्हैस माजावर आली आहे किंवा नाही, हे त्याला त्यातून कळते. बोकड तसेच करतो, आणि काळीकाठच्या अरण्यातला वाघही तसेच करतो. माणसात मात्र हे इंद्रिय केवळ नावापुरते उरले आहे. म्हणूनच प्राण्यांचे हे सारे बोलणे माणसाच्या भोवताली चालू असूनही त्याला त्याची दाद नसते.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. समागमाच्या दिवसांत मादी साप जेथून जेथून जाते, तेथे तेथे तिच्या कातडीतील द्रव्यांची एक पुसटशी रेघ जमिनीवर मागे राहते. नर ती रेघ जिभेने टिपीत तिचा माग काढतो. ह्याचा सर्वांत सखोल अभ्यास कॅनडातील मॅनिटोबा प्रांतात झाला. तेथे गार्टर नावाचे माणसाला निरुपद्रवी असलेले साप थंडीत हजारोंच्या संख्येने जमिनीखालच्या भेगांत निजून राहतात आणि वसंतात एकदम बाहेर येतात. मादीच्या कातडीत कीटोन जातीची विशिष्ट द्रव्ये असतात, आणि त्यांच्यामुळेच नर तिच्याकडे ओढले जातात, हे १९८९ साली रॉबर्ट मेसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सिद्ध केले. ह्याच सापांत काही नरांच्या अंगाला मादीसारखा गंध येतो. अशा नरांभोवतीही इतर नर तितक्याच आवेगाने गोळा होतात! समोर नर आहे की मादी, हे ते डोळ्यांनी ठरवीत नाहीत. गंध जे सांगेल तेच त्यांना प्रमाण.

जोयड्यातील त्या ओसरीवरचा उलगडा ह्यातून होतो. समागमाच्या दिवसांत मारला गेलेला नाग मादी असेल, तर तिच्या सरपटण्याची गंधरेषा बांधावरून, परसातून थेट ओसरीपर्यंत आलेली असते. रानात हिंडणाऱ्या एखाद्या नराला ती रेषा लागली की तो तिच्या मागोमाग त्याच ओसरीशी येऊन पोहोचू शकतो. त्याला कोणी मेल्याचे ठाऊक नसते, कोणी मारल्याचे तर नसतेच. नाग-नागीण जन्माची जोडी करून राहत नाहीत. समागम झाला की ज्याची वाट त्याला मोकळी. मारणाऱ्याचा चेहरा ध्यानात ठेवून सूड घेण्याइतकी स्मृती व बुद्धी सापाच्या मेंदूत नाही. तो सूडासाठी आलेला नसतो, संसारासाठी आलेला असतो. माणसाने त्याच्या येण्यात आपलेच मन वाचले आणि त्याला डूख असे नाव दिले.

कित्येकदा दुसरा साप येण्याचे कारण ह्याहूनही साधे असते. ओसरीत कणगी, कणगीपाशी सांडलेले भात, भातामागे उंदीर आणि घुशी, उंदरांच्या वासामागे धामण किंवा नाग, आणि धामणीच्या वासामागे नागराज, अशी ही गंधांची साखळी आहे. नागराज हा विषारी सापांत जगातील सर्वांत लांब साप, आणि त्याचे मुख्य अन्न म्हणजे दुसरे सापच. कानडीत त्याला काळिंग म्हणतात. ह्या नावाला २०२४ साली मोठा मान मिळाला. आशियाभर पसरलेला नागराज एकाच जातीचा नसून चार जातींचा आहे, असे त्या वर्षी शास्त्रज्ञांनी दाखविले, आणि पश्चिम घाटातील जातीला ‘ओफिओफेगस कालिंगा’ असे शास्त्रीय नाव दिले. लोकांच्या तोंडचा शब्द असा विज्ञानाच्या ग्रंथात जाऊन बसला. ह्या नागराजाची मादी अंगाने पालापाचोळा ओढून त्याचे घरटे रचते आणि त्यात अंडी घालते. असे घरटे रचणारा दुसरा साप नाही. तिच्या गंधावरून एकाहून अधिक नर एका जागी आले, की ते एकमेकांना विळखे घालून झुंजतात. पाहणाऱ्याला वाटते, नाग-नागिणीचा खेळ चालला आहे. वास्तविक ते दोन नरांचे बळ अजमावणे असते.

गंधाचे हे बोलणे सापांपुरतेच नाही. १९५९ हे वर्ष ह्या विद्येत फार महत्त्वाचे. जर्मन रसायनशास्त्रज्ञ अडॉल्फ बुटेनांट ह्यांनी सुमारे वीस वर्षे खपून, रेशीमपतंगाच्या पाच लाखांच्या आसपास माद्या गोळा करून, नराला खेचणारे द्रव्य अतिसूक्ष्म प्रमाणात वेगळे काढले, ते ह्याच साली. त्याच वर्षी कार्लसन आणि ल्यूशर ह्या दोघांनी अशा संदेशवाहक द्रव्यांना ‘फेरोमोन’ ही संज्ञा दिली. एका प्राण्याच्या अंगातून बाहेर पडणारे आणि त्याच जातीच्या दुसऱ्या प्राण्याच्या वागण्यात बदल घडविणारे द्रव्य, असा तिचा अर्थ.

घरातली मुंगी हे ह्याचे नित्याचे उदाहरण. गुळाचा खडा सापडलेली मुंगी वारुळाकडे परतताना पोटाचे टोक जमिनीला टेकवीत येते आणि वाटेवर गंधाची रेघ ओढते. इतर मुंग्या त्या रेघेवरून जातात आणि तीच रेघ पुन्हा पुन्हा गिरवितात. गूळ संपला की कोणी गिरवीत नाही, आणि रेघ आपोआप विरते. अमेरिकेतील एडवर्ड विल्सन ह्यांनी मुंग्यांविषयी आणखी एक चमत्कारिक गोष्ट दाखविली. मेलेल्या मुंगीच्या देहात तयार होणारे तैलाम्ल त्यांनी एका जिवंत मुंगीला लावले, तर तिच्या बहिणींनी तिला उचलून केरात नेऊन टाकले. ती पाय झाडीत होती, चालत परत येत होती, तरी पुन्हा पुन्हा तिची रवानगी केरात होत राहिली. अंगाचा गंध जाईपर्यंत ती वारुळाच्या लेखी मेलेलीच होती.

रानात मध काढणाऱ्यांना आग्यामोहोळाचा धाक असतो, आणि तो यथार्थ आहे. एक माशी चावली की पाठोपाठ दहा चावतात, माणूस पळाला तरी पाठ सोडीत नाहीत. येथे तरी सूड आहे की नाही, असे कोणीही विचारील. ह्याचे उत्तरही गंधातच सापडते. मधमाशीने डंख मारला की नांगी कातडीत रुतून राहते, आणि तिच्यापाशी पिकलेल्या केळ्यासारख्या वासाचे एक द्रव्य पसरू लागते. ‘शत्रू येथे आहे’ असा त्या वासाचा अर्थ. आग्या माशीच्या बाबतीत त्याच्या जोडीला अधिक वेळ टिकणारे आणखी एक द्रव्य असते, त्यामुळे तिचा पाठलाग लांबतो. ह्यातून घेण्याचा धडा असा की, नांगी रुतली तर ती क्षणाचाही विलंब न लावता खरवडून टाकावी, हात झाडीत तेथे उभे न राहता तोंड झाकून दूर निघून जावे. अंगावर जोवर तो गंध आहे, तोवर माशांना तो माणूस म्हणजे एक खूण केलेली जागा असते. माशांच्या मनात वैर नसते.

मोठ्या जनावरांचे व्यवहारही असेच चालतात. २००२ साली कर्नाटकातील ह्या जंगलपट्ट्यातून हत्ती सिंधुदुर्गात दोडामार्गाकडे उतरले, तेव्हापासून तिकडच्या शेतकऱ्यांनाही हत्ती परका राहिला नाही. १९९६ साली असे आढळले की, हत्तीण माजावर येण्याच्या सुमारास तिच्या मुत्रात जे गंधद्रव्य उतरते, तेच कित्येक जातींच्या पतंगांच्या माद्याही नराला बोलावण्यासाठी वापरतात. एवढा प्रचंड हत्ती आणि एवढासा पतंग, दोघांच्या प्रेमपत्रात एकच अक्षर! मात्र पतंग ते अक्षर इतर द्रव्यांत ठरावीक प्रमाणात मिसळून लिहितो. म्हणून दोघांची गफलत होत नाही.

काळी व्याघ्र प्रकल्पाचे रान सुमारे १३०० चौरस किलोमीटर पसरले आहे. २००७ साली दांडेली-अणशी ह्या नावाने हा प्रकल्प जाहीर झाला आणि २०१५ साली त्याला काळी नदीचे नाव मिळाले. एवढ्या रानात वाघ एकेकटा हिंडतो. दोन वाघांची गाठ पडली तर रक्तपात व्हायचा. तो टळावा म्हणून वाघ शेपटी उंच करून झाडाच्या बुंध्यावर एक द्रव फवारतो. त्यातील स्निग्ध पदार्थांमुळे गंध लवकर उडून जात नाही. ‘येथे कोणी राहतो’ हे मागून येणाऱ्याला कळते आणि तो आपली वाट बदलतो. भारतीय सांख्यिकी संस्थेतील रतनलाल ब्रह्मचारी ह्यांनी ह्या द्रवाच्या अभ्यासात आयुष्याची कित्येक वर्षे घालविली. बासमती तांदळाला ज्या द्रव्यामुळे सुवास येतो, तेच द्रव्य वाघाच्या ह्या फवाऱ्यात आहे, असे त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९० साली प्रसिद्ध केले. ताटातल्या भाताचा आणि वाघाच्या सीमेचा गंध एकच निघाला!

ह्या ठिकाणी आणखी एका समजुतीची आठवण होते. रात्री अवेळी घराभोवती आंबेमोहराच्या भातासारखा वास सुटला, तर जवळपास नाग आहे असे कोकणात व घाटात सांगतात, आणि लोक काठ्या-कंदील घेऊन शोधू लागतात. सापाच्या अंगाला असा सुवास येत नाही. उलट त्याला पकडले तर तो शेपटीजवळच्या ग्रंथींतून उग्र, नकोसा वास सोडतो. भाताचा तो सुवास बहुधा आढ्यावरून गेलेल्या उदमांजराचा असतो, किंवा बासमतीचे पान म्हणून जे झाड लोक परसात लावतात, त्याचा असतो. उदमांजर निघून जाते, आणि शोधात सापडलेली एखादी निरुपद्रवी धामण फुकट प्राणास मुकते.

ह्या सर्व विवेचनाचे तात्पर्य काय? केवळ कुतूहल म्हणून हा विषय संपत नाही. २००० ते २०१९ ह्या वीस वर्षांत भारतात सुमारे बारा लाख माणसे सर्पदंशाने दगावली, म्हणजे वर्षाकाठी सरासरी ५८ हजार, असा अंदाज २०२० साली प्रसिद्ध झाला आहे. त्यात बहुतेक खेड्यांतली, शेतात राबणारी माणसे. कर्नाटक सरकारने २०२४ साली प्रत्येक सर्पदंशाची नोंद करणे बंधनकारक केले. भय खोटे नाही. परंतु डूख धरल्याच्या भयाने माणूस जे जे करतो, त्याने धोका कमी न होता वाढतोच. काठी घेऊन नागावर धावून जाणे, ही दंश ओढवून घेण्याची सर्वांत सोपी वाट. आणि दंश झाल्यावर ‘हा नागाचा सूड, ह्याला औषध चालायचे नाही’ असे म्हणून मांत्रिकाच्या दारात जी घटका जाते, ती परत मिळत नाही. रानातल्या वाडीपासून दवाखाना लांब असतो. म्हणून तर पहिली घटका फार मोलाची.

नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे ह्या चार सापांच्या विषावर इंजेक्शन आहे, आणि ते दवाखान्यातच मिळते. दंश झालेल्या माणसाला धीर द्यावा, दंशाचा अवयव हलू देऊ नये, कापाकापी करू नये, घट्ट दोर आवळू नये, आणि मिळेल त्या वाहनाने दवाखाना गाठावा. रात्री जमिनीवर निजणे टाळावे. खाट आणि मच्छरदाणी ही मण्यारीपासून फार मोठी राखण आहे. घराभोवती लावून निर्धास्त व्हावे, असा सापाला पळविणारा वास कोणत्याही मुळीत वा औषधात नाही. उपाय आहे तो गंधांची साखळी तोडण्याचा. धान्य झाकलेले असावे, सांडलेले भात त्याच दिवशी झाडून घ्यावे, लाकडांची रास ओसरीला चिकटून रचू नये. उंदीर गेला की त्याच्यामागचे सारे पाहुणे बाहेरच्या बाहेर जातात. आणि नाग दिसलाच, तर लांब उभे राहून त्याला वाट द्यावी, किंवा वनखात्याच्या माणसांना बोलवावे. नाग, नागराज आणि धामण ह्यांना वन्यजीव संरक्षण कायद्याचे कवच आहे, हेही ध्यानात ठेवावे.

तेव्हा श्रोतेहो, फाल्गुनातल्या एखाद्या संध्याकाळी ओसरीपाशी पुन्हा नाग आला, तर म्हातारीची भीती उडवून लावू नये. तिने जे पाहिले ते खरेच आहे. तिच्याजवळ बसून तिला एवढेच सांगावे, की आजी, तो कोणाला शोधायला आला आहे खरा, पण आपल्याला नव्हे. त्याच्या जिभेला जमिनीवर एक जुनी रेघ लागली आहे. मुलांना आत घ्या, कंदील थोडा लांब धरा आणि घटकाभर थांबा. रेघ जेथे संपेल तेथे तो जीभ लवलवत थबकेल, थोडा घोटाळेल आणि ज्या बांधावरून आला त्याच बांधावरून रानात निघून जाईल.